कंपनी नादार, संचालक सुखरूप: पडदा कधी आणि कसा उठतो?

वाचकाचा प्रश्न, संक्षेपाने: पुणे परिसरातील एका औद्योगिक वसाहतीत पत्र्याचे सुटे भाग बनवणारा छोटा कारखाना हे गृहस्थ स्वतःच्या नावावर चालवतात. एका प्रायव्हेट लिमिटेड कंपनीला ते बरीच वर्षे माल देत होते आणि तिच्याकडे त्यांचे ३८ लाख रुपये अडकले आहेत. कंपनीचे दोन चेक न वटता परत आले. रीतसर नोटीस देऊन, मुदत संपल्यावर त्यांनी फौजदारी तक्रारही दाखल केली. त्यानंतर बँकेच्या अर्जावरून राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणाच्या मुंबई खंडपीठाने कंपनीविरुद्ध नादारीची प्रक्रिया सुरू केली. त्याआधीच्या काही महिन्यांत कंपनीची यंत्रे आणि जुने कामगार जवळच्याच एका नव्या कंपनीच्या शेडमध्ये गेले. या नव्या कंपनीच्या संचालक म्हणून मूळ संचालकांच्या पत्नी आणि मेहुणे यांची नावे आहेत. वाचकांचा शेवटचा माल तोंडी सांगण्यावरून त्याच शेडमध्ये उतरवला गेला. संचालक त्यांच्या गावाकडचे, घरोब्याचे. ते म्हणतात, "दावा लावू नका, यंत्रांबद्दल कुठे बोलू नका, नव्या कंपनीतून तुमचे पैसे हळूहळू फेडतो." करसल्लागारांच्या मते कंपनी लिमिटेड असल्याने पैसे विसरावेत. एका वकील मित्राच्या मते कंपनीचा पडदा उठवून, म्हणजे तिचे वेगळे कायदेशीर अस्तित्व बाजूला सारून, संचालकांच्या बंगल्यावर जप्ती आणता येईल. शिवाय वाचकांच्या स्वतःच्या पुरवठादारांचे ११ लाख देणे आहे आणि त्यांनीही पत्नीच्या नावे नवी कंपनी काढून यंत्रे तिकडे न्यावीत, असे कोणीतरी सुचवले आहे.

उत्तर:

आधी तारखेचे बोलू, कारण तुमच्या प्रश्नातील बाकी सर्व गोष्टी थोड्या थांबू शकतात, ही थांबू शकत नाही. न्यायाधिकरणाचा आदेश झाल्यावर नेमल्या जाणाऱ्या रिझोल्यूशन प्रोफेशनलने, म्हणजे कंपनीचा कारभार हाती घेणाऱ्या आणि व्यवहारात आरपी म्हटल्या जाणाऱ्या व्यावसायिकाने, वर्तमानपत्रात जाहीर सूचना दिलेली असते आणि तीत दावे सादर करण्याची शेवटची तारीख छापलेली असते. माल पुरवून पैसे अडकलेल्या धनकोने आपला दावा 'फॉर्म बी' मध्ये, बिले, चलने, खातेउतारा आणि चेक परत आल्याचे बँकेचे पत्र जोडून द्यायचा असतो. जाहीर सूचनेतली मुदत साधारण १४ दिवसांची असते. ती उलटून गेली असली तरी प्रक्रिया सुरू झाल्यापासून निदान ९० दिवसांपर्यंत दावा देण्याची सोय नियमांत आहे, पण त्या सवलतीवर विसंबून बसू नका. सर्वोच्च न्यायालयाने घनश्याम मिश्रा प्रकरणात १३ एप्रिल २०२१ रोजी स्पष्ट केले आहे की न्यायाधिकरणाने पुनर्रचना आराखडा मंजूर केला की त्यात समाविष्ट नसलेले कंपनीविरुद्धचे दावे संपुष्टात येतात. तुम्ही गप्प राहिलात तर या कंपनीविरुद्धचे तुमचे ३८ लाख कायद्याच्या दृष्टीने उरणारच नाहीत, आणि त्यानंतर संचालकांनी शब्द पाळला नाही तर कंपनीविरुद्ध तुमच्या हातात काहीही नसेल.

तो शब्द किती मोलाचा आहे, याचा विचार तुम्ही करावा असे मला मनापासून वाटते. ते गृहस्थ तुमच्याशी खोटे बोलत आहेत असे मी म्हणत नाही. कदाचित पैसे देण्याची त्यांची खरोखर इच्छा असेल. पण त्यांनी घातलेल्या दोन अटी पाहा. पहिली, दावा लावू नका. दुसरी, यंत्रांबद्दल बोलू नका. तुमचे पैसे फेडण्यासाठी या दोन्हींपैकी कशाचीही गरज नाही. नव्या कंपनीने तुमचे देणे स्वखुशीने फेडायचे ठरवले तर तुम्ही दावा लावलेला असतानाही ते फेडता येते. मिळालेली रक्कम तुम्ही आरपींना कळवायची आणि दावा तेवढ्याने कमी करायचा, इतकेच. म्हणून त्यांना नम्रपणे सांगा की दावा मी लावणारच, आणि नवी कंपनी माझे देणे मान्य करत असेल तर तसे तिच्या लेटरहेडवर, रक्कम आणि हप्त्यांच्या तारखांसह लिहून द्यावे. ते लिहून देतात की नाही, यावरून तुम्हाला बरेच काही कळेल. गप्प राहण्याच्या बदल्यात एखादा हप्ता घेणे मात्र टाळा. उद्या यंत्रांच्या हस्तांतरणाची चौकशी झाली तर ज्याला सर्व माहीत होते आणि ज्याने पैसे घेऊन तोंड बंद ठेवले, अशा माणसाच्या जागी तुम्ही उभे असाल, आणि तुमची तक्रार कितीही खरी असली तरी तुमच्या साक्षीचे वजन त्या दिवशी उतरलेले असेल.

आता पडद्याकडे वळू. करसल्लागार म्हणतात ते कायद्याचे मूळ तत्त्व आहे, आणि ते अन्यायाचे आहे असे मानून चालू नका. कंपनी ही तिच्या भागधारकांपासून वेगळी कायदेशीर व्यक्ती असते, हे इंग्लंडच्या हाउस ऑफ लॉर्ड्सने १८९६ च्या अखेरीस सॅलोमन खटल्यात ठामपणे सांगितले. अॅरन सॅलोमन हे चामड्याच्या बुटांचे लंडनमधील व्यापारी. २०,००७ भागांपैकी २०,००१ त्यांचे स्वतःचे आणि उरलेले सहा घरच्यांचे, अशी ती कंपनी होती. ती बुडाली तेव्हा माल उधार देणाऱ्या व्यापाऱ्यांच्या हाती काही लागले नाही, कारण सॅलोमन स्वतःच कंपनीचे तारण असलेले धनकोही होते. तरीही कंपनी कायद्याप्रमाणे स्थापन झाली होती आणि फसवणूक सिद्ध झाली नव्हती, म्हणून सॅलोमन वैयक्तिकरीत्या जबाबदार ठरले नाहीत. तुमच्यासारख्याच लोकांचे त्यात नुकसान झाले, हे खरे आहे. पण धंदा करताना सगळे घरदार पणाला लावावे लागू नये, हे संरक्षण नसते तर आपल्या औद्योगिक वसाहतींतले किती कारखाने उभे राहिले असते, याचाही विचार करावा लागतो. धंदा बुडणे हा गुन्हा नाही आणि देणे थकणे म्हणजे फसवणूक नव्हे.

पडदा उठतो तो वेगळ्या कारणाने. भारतीय आयुर्विमा महामंडळ विरुद्ध एस्कॉर्ट्स या १९८५ च्या अखेरच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने त्याची साधारण चौकट सांगितली: कायद्यातच तशी तरतूद असेल, फसवणूक किंवा गैरवर्तन रोखायचे असेल, कर किंवा कल्याणकारी कायदा चुकवण्यासाठी कंपनीचा वापर झाला असेल, किंवा दोन कंपन्या इतक्या एकमेकींत मिसळल्या असतील की प्रत्यक्षात तो एकच व्यवसाय आहे. पुढे १९९६ मध्ये दिल्ली विकास प्राधिकरण विरुद्ध स्किपर कन्स्ट्रक्शन या प्रकरणात न्यायालयाने प्रत्यक्ष पाऊल उचलले. दिल्लीतील एका व्यापारी इमारतीतल्या जागांसाठी लोकांकडून पैसे घेतले गेले, न्यायालयाची मनाई असतानाही घेतले गेले, आणि ते गोळा करणाऱ्या कुटुंबाने अनेक कंपन्या काढून ठेवल्या होत्या. या कंपन्यांचे अस्तित्व त्या सर्वांना एकच समजण्याच्या आड येणार नाही, असे न्यायालय म्हणाले. पण त्याच सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये बलवंत राय सलुजा विरुद्ध एअर इंडिया या प्रकरणात उपाहारगृहाच्या कामगारांची मागणी फेटाळताना बजावले की हे तत्त्व जपून आणि मर्यादित परिस्थितीतच वापरायचे, कंपनी हा जबाबदारी टाळण्यासाठी मुद्दाम उभा केलेला देखावा आहे हे दिसले तरच.

तुमच्या वकील मित्राचे म्हणणे यामुळे अपुरे ठरते. संचालक सुखात आहेत, बंगल्यात राहतात, गाडीतून फिरतात, यावरून पडदा उठत नाही. कंपनीतून काय बाहेर गेले, कधी गेले, कोणाकडे गेले, किती किमतीला गेले आणि त्या वेळी संचालकांना कंपनीच्या स्थितीबद्दल काय माहीत होते, या पाच गोष्टींवर तो उठतो. तुम्ही संचालकांच्या राहणीमानाबद्दल पत्रात बरेच लिहिले आहे आणि यंत्रांबद्दल चारच ओळी, पण तुमच्या प्रकरणाचा जीव त्या चार ओळींत आहे.

नादारीच्या प्रक्रियेत तर "पडदा उठवा" अशी सर्वसाधारण मागणी करण्याची वेळ बहुधा येतच नाही, कारण २०१६ च्या नादारी आणि दिवाळखोरी संहितेने त्यासाठी नेमके दरवाजे ठेवले आहेत. कलम ४३ खाली एखाद्या धनकोला किंवा जामीनदाराला इतरांच्या आधी झुकते माप देणारा व्यवहार आणि कलम ४५ खाली कवडीमोलाने केलेला व्यवहार रद्द करून मागता येतो. समोरचा पक्ष संबंधित असेल तर मागे दोन वर्षांपर्यंत आणि तिऱ्हाईत असेल तर एक वर्षापर्यंतचे व्यवहार तपासले जातात. संचालकांच्या पत्नी नव्या कंपनीवर असल्याने ती संबंधित पक्ष ठरण्याची शक्यता मोठी आहे. धनकोंच्या हातून मालमत्ता निसटावी या हेतूने केलेल्या कमी किमतीच्या व्यवहारासाठी कलम ४९ आहे. आणि कलम ६६ त्याहून पुढे जाते: धनकोंना फसवण्याच्या हेतूने व्यवसाय चालवण्यात जे कोणी जाणूनबुजून सामील झाले त्यांना, तसेच कंपनी वाचण्याची रास्त आशा नाही हे कळूनही धनकोंचे नुकसान कमी करण्याची काळजी न घेणाऱ्या संचालकांना, आपल्या खिशातून कंपनीच्या मालमत्तेत भर घालण्याचा आदेश न्यायाधिकरण देऊ शकते. पडदा तसाच राहतो आणि जबाबदारी माणसापर्यंत पोहोचते.

हे कागदावरचे नाही. जेपी इन्फ्राटेकने आपली जमीन आपल्या नियंत्रक कंपनीच्या कर्जासाठी गहाण टाकली होती. २६ फेब्रुवारी २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते गहाण झुकते माप देणारे व्यवहार ठरवले आणि सुमारे ७५८ एकर जमीन बोजातून मोकळी झाली. आपल्याकडच्या व्हिडिओकॉन समूहाच्या बाबतीत तर मुंबई खंडपीठाने ऑगस्ट २०१९ मध्ये १५ पैकी १३ कंपन्यांची नादारी प्रक्रिया एकत्र केली, कारण त्यांची कर्जे, नियंत्रण आणि कारभार एकमेकांत गुंतलेले होते. उरलेल्या दोन वेगळ्या ठेवल्या. म्हणजे प्रत्येक कंपनीकडे स्वतंत्रपणे पाहिले जाते; एकाच घरातल्या कंपन्या आहेत म्हणून सरसकट एक धरल्या जात नाहीत.

हे अर्ज सामान्यतः आरपी करतात, धनको नव्हे. पण आरपी बाहेरून आलेले असतात. त्यांच्या हाती कंपनीची पुस्तके येतात, आणि पुस्तकांत त्या यंत्रांची विक्री कदाचित "भंगार" म्हणून लिहिलेली असेल. ती यंत्रे आज कोणत्या शेडमध्ये चालू आहेत, हे तुम्हाला माहीत आहे, त्यांना नाही. असे व्यवहार झाले आहेत का याबद्दल आरपींनी प्रक्रिया सुरू झाल्यापासून ७५ दिवसांच्या आत मत बनवावे, अशी नियमांची अपेक्षा आहे. म्हणून दाव्यासोबतच त्यांना एक स्वतंत्र पत्र, ईमेलने आणि रजिस्टर पोस्टाने, पाठवा. त्यात विशेषणे नकोत. कोणते यंत्र, साधारण कधी हलले, तुम्ही ते कुठे पाहिले, तुमचा माल कोणत्या तारखेला कोणाच्या सांगण्यावरून कुठे उतरला, एवढेच लिहा, आणि स्वतः पाहिलेले व ऐकलेले वेगळे ठेवा. व्हॉट्सअॅपवरचे संदेश पुसू नका, फोन बदलू नका. इलेक्ट्रॉनिक पुरावा न्यायालयापुढे नेताना भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ खालचे प्रमाणपत्र लागते, त्यामुळे मूळ उपकरण जपणे महत्त्वाचे आहे. केंद्र सरकारच्या कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या संकेतस्थळावर थोडे शुल्क भरून दोन्ही कंपन्यांची कागदपत्रे पाहता येतात. नवी कंपनी कधी नोंदली गेली, जुन्या कंपनीतून कोण कधी संचालकपद सोडून गेले, ताळेबंदात संबंधित पक्षांशी कोणते व्यवहार दाखवले आहेत, या तारखा शेजारी शेजारी मांडल्या की चित्र स्पष्ट होते. आरपींनी काहीच केले नाही तर कवडीमोलाच्या व्यवहारापुरता धनकोला स्वतः न्यायाधिकरणाकडे जाण्याचा मार्ग कलम ४७ ने दिला आहे.

एक कटू गोष्ट मात्र सांगायलाच हवी. यातून वसूल झालेला पैसा तुमच्या खात्यात येत नाही. तो कंपनीच्या मालमत्तेत जातो, किंवा आराखड्यात तशी तरतूद असेल तर कंपनी घेणाऱ्याकडे. डीएचएफएल या गृहकर्ज कंपनीच्या प्रकरणात कलम ६६ खालची वसुली यशस्वी अर्जदाराला, म्हणजे कंपनी घेणाऱ्याला, देण्याचा धनको समितीचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १ एप्रिल २०२५ रोजी कायम ठेवला. त्या समितीत माल पुरवणाऱ्यांना मत नसते आणि वाटपाच्या क्रमात ते तारण असलेल्या बँका आणि कामगार यांच्या मागे असतात. तुमच्या ३८ लाखांपैकी या मार्गाने लहानसाच हिस्सा मिळेल, असे धरून चाला.

म्हणूनच तुमच्या पत्रातील एका वाक्याकडे मी तुमचे लक्ष वेधतो, ज्याला तुम्ही फारसे महत्त्व दिलेले नाही. शेवटचा माल थेट नव्या कंपनीच्या शेडमध्ये उतरला. तो माल नव्या कंपनीने स्वीकारला, वापरला आणि त्यावर पैसे मिळवले असतील, तर तेवढ्या मालापुरती तुमची मागणी थेट तिच्याविरुद्ध उभी राहू शकते. कोणी फुकट देण्याच्या हेतूने न दिलेल्या वस्तूचा लाभ घेतला तर त्याची भरपाई करावी लागते, असे भारतीय करार कायदा, १८७२ चे कलम ७० सांगते. त्यासाठी कोणताही पडदा उठवावा लागत नाही, आणि जुन्या कंपनीला मिळालेले मोरेटोरियमचे, म्हणजे प्रक्रियेच्या काळात तिच्याविरुद्धचे दावे थांबवण्याचे, संरक्षण नव्या कंपनीला मिळत नाही. त्या फेऱ्यांची डिलिव्हरी चलने, ई-वे बिलावरचा पोहोचवण्याचा पत्ता, तिथल्या माणसाची सही आणि गेटवरचा शिक्का आजच शोधून ठेवा. एकाच मालाचे पैसे दोन्हीकडून पूर्ण मागता येणार नाहीत, त्यामुळे फॉर्म बी भरण्यापूर्वीच त्या फेऱ्यांबद्दल काय लिहायचे ते वकिलांशी बोलून ठरवा. दावा व्यापारी न्यायालयात जाणार असेल आणि तातडीची मनाई मागायची नसेल, तर आधी मध्यस्थीची पायरी सक्तीची आहे. तुमच्या आणि त्यांच्या घरोब्याचा उपयोग तिथे खरोखर होऊ शकेल.

संचालकांच्या वैयक्तिक जबाबदारीचा दुसरा मार्ग तुम्ही आधीच धरला आहे. नादारीमुळे चेकची तक्रार थांबेल, हे तुम्हाला कोणी सांगितले असेल तर ते कंपनीपुरतेच खरे आहे. पी. मोहनराज प्रकरणात १ मार्च २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की चेकवर सही करणाऱ्या आणि कारभार पाहणाऱ्या व्यक्तींविरुद्धची कारवाई चालू राहते. तुमच्या बाबतीत नोटिशीची १५ दिवसांची मुदत नादारीच्या आदेशापूर्वी संपली होती, हे तुमच्या फायद्याचे आहे. ती आदेशानंतर संपली असती तर मार्च २०२५ च्या एका निकालानुसार अडचण आली असती. अशीच स्थिती असलेल्या इतर वाचकांनी या तारखा आधी तपासाव्यात.

बंगल्याबद्दल सांगायचे तर दुय्यम निबंधकांकडची सूची क्रमांक दोन आणि मिळकत पत्रिका काढून पाहा. बहुतेक वेळा संचालकांनी बँकेला वैयक्तिक हमी दिलेली असते आणि घर आधीच गहाण असते. कंपनीचा आराखडा मंजूर झाला तरी हमीदार आपोआप सुटत नाही, हे ललितकुमार जैन प्रकरणात मे २०२१ मध्ये ठरले आहे, पण ती हमी बँकेची आहे, तुमची नाही. आणि पुढे कोणावरही दिवाणी दावा करायचा झाला तर ज्यांना जबाबदार धरायचे त्यांना सुरुवातीपासून, प्रत्येकाने काय केले हे लिहून, पक्षकार करा. अन्सल क्राउन हाइट्सच्या घरखरेदीदारांना २०२५ मध्ये हेच भोवले: हुकूमनामा केवळ कंपनीविरुद्ध होता, म्हणून अंमलबजावणीच्या टप्प्यावर संचालकांपर्यंत पोहोचता आले नाही. पोलिसांकडे जाण्याचा विचार मी तूर्त मागे ठेवेन. सुरुवातीपासून फसवण्याचा हेतू दाखवणारे कागद हाती नसताना केलेली फिर्याद "हा दिवाणी वाद आहे" या शेऱ्याने परत येते आणि पुढच्या खऱ्या तक्रारीलाही बाधा आणते.

राहिला तुमच्या स्वतःच्या पुरवठादारांचा प्रश्न, आणि तो तुम्ही पत्राच्या शेवटी संकोचाने विचारला आहे, याचे मला बरे वाटले. तुमचा कारखाना तुमच्याच नावावर आहे, म्हणून मुळात तिथे पडदाच नाही. ते ११ लाख तुमचे वैयक्तिक देणे आहे आणि नवी कंपनी काढल्याने ते कमी होत नाही. देणी उभी असताना यंत्रे पत्नीच्या कंपनीत नेलीत तर तुमचे पुरवठादार तुमच्याविरुद्ध नेमके तेच लिहितील जे तुम्ही आज आरपींना लिहिणार आहात, आणि पत्नी विनाकारण प्रतिवादी होतील. पुढच्या कामासाठी प्रायव्हेट लिमिटेड कंपनी किंवा एलएलपी (मर्यादित दायित्वाची भागीदारी) काढण्यात काहीच गैर नाही. यंत्रे तिच्यात न्यायची असतील तर मूल्यांकन करून, योग्य किंमत बँकेतून घेऊन, त्यातून आधी जुनी देणी फेडण्याचे वेळापत्रक पुरवठादारांना लेखी देऊन न्या. त्यांच्यापैकी जे सूक्ष्म आणि लघु उद्योग म्हणून नोंदलेले असतील त्यांना जास्तीत जास्त ४५ दिवसांच्या मुदतीनंतर बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज मागण्याचा हक्क २००६ च्या कायद्याने दिला आहे, म्हणून त्यांची बिले आधी घ्या. तुमची नोंदणी माल देण्याआधीपासून असेल तर तेच व्याज तुमच्या फॉर्म बी मध्येही मागता येईल. नोंदणीचे प्रमाणपत्र जोडायला विसरू नका.